नादार

आमच्या घरात ‘गरीब’ हा शब्द दोघांनाच लावत. एक शेजारच्या गोठ्यातली तांबडी गाय, दुसरा मी. गाय लाथ मारायची नाही आणि मी ताटात पडेल ते खायचो, एवढ्या भांडवलावर आम्हा दोघांची ख्याती होती. “गरीब आहे हो पोरगं,” असं आजी पाहुण्यांना सांगायची. त्या शब्दाचा पैशाशी काही संबंध असतो, हे मला हायस्कुलात जाईपर्यंत ठाऊक नव्हतं.

पैशासाठी आईचा शब्द निराळा होता. ती म्हणायची ‘परिस्थिती’, आणि तीही नेहमी नकारासकट. “आमची परिस्थिती नाही हो,” असं ती सहलीची वर्गणी मागायला आलेल्या गुरुजींना सांगायची, तेव्हा मला वाटायचं, परिस्थिती म्हणजे रॉकेलसारखं काहीतरी असावं; आपल्याकडचं संपलंय, पुढच्या महिन्यात मिळेल. अण्णा ‘ओढ’ म्हणत. “यंदा जरा ओढ आहे.” हे ‘यंदा’ त्यांनी माझ्या आठवणीत सलग सतरा-अठरा वर्षं चालवलं.

सातारा जिल्ह्यातलं तालुक्याचं गाव. एका जुन्या घरात आमच्या वाट्याचे दोन खण. त्यात आजी, अण्णा, आई, दादा, ताई, बापू आणि मी, अशी सात माणसं. अण्णा एका कापडदुकानात दिवाणजी होते. सकाळी भाकरी-कोरड्यास, रात्री ताकातल्या कण्या, श्रावणात सोमवार सोडायला वरणभात. उपाशी कुणी झोपलं नाही. पण चौथी भाकरी मागितली की आई आधी आजीकडे बघायची आणि मग टोपलीकडे, हे चौघाही भावंडांच्या ध्यानात आहे. मागे एकदा जेवताना निघालं तेव्हा कळलं की प्रत्येकाला वाटत होतं, हे फक्त आपल्यालाच दिसलं.

आजीचा शब्द सगळ्यांत जंगी होता. अठराविश्वे दारिद्र्य. ती तो असा उच्चारायची की एखादं देवस्थान असावं. यावर घरात कायमचा एक वाद होता. आजी विसांनी मोजणारी. आंबे असोत की गोवऱ्या, ‘तीन विसा नि सात’ असा तिचा हिशेब. तिच्या मते अठरा विसा म्हणजे तीनशेसाठ, म्हणजे वर्षाचे सगळे दिवस. ज्याचा एकही दिवस सुटत नाही ते अठराविश्वे. अण्णा दुकानातल्या जुन्या वह्या लिहिणारे. ते म्हणत, “विसवा म्हणजे विसावा हिस्सा. विसातले अठरा भाग दारिद्र्य, दोन भाग मोकळे.” मला अण्णांचा अर्थ शब्दाला जास्त धरून वाटतो. पण बापूनं एकदा विचारलं, “ते दोन भाग कुठं आहेत आपले?” आई चुलीपाशी होती. ती तिथूनच म्हणाली, “ते दिवाळीत निघतात.”

या सगळ्या घरगुती शब्दांत ‘नादार’ हा शब्द बाहेरून आला, छापील कागदावरून. साल 1954. दादा चौथी पास होऊन हायस्कुलात गेला. तोवरची शाळा लोकल बोर्डाची, तिथं फीचा प्रश्न नव्हता. हायस्कुलाची फी महिना साडेचार रुपये, आणि अण्णांचा पगार तेव्हा पंचाहत्तर. कुणीतरी सुचवलं, नादारीचा अर्ज करा. अर्ज आला. त्यावर छापलं होतं, ‘पूर्ण / अर्धी नादारी’, आणि खाली कंसात, ‘नको ते खोडावे’. अण्णांनी तो कागद तीन दिवस ट्रंकेवर ठेवला. अडचण अशी होती की पगाराच्या रकमेखाली दुकानमालकांची सही लागत होती. पगार मालकच देत होते, त्यांना तो माहीत नसण्याचं कारण नाही. तरी त्यांच्यापुढे तो कागद धरणं अण्णांना जड गेलं. चौथ्या दिवशी सही आली. ‘अर्धी’ या शब्दावर त्यांनी आडवी रेघ मारली ती इतकी सरळ, की पट्टी लावून मारली असावी.

आम्हा धाकट्यांना या शब्दाचा अर्थ लागायला काहीच वेळ लागला नाही. नाद असतो तो नादार. दादाला भोवऱ्याचा भयंकर नाद होता, रिकाम्या हातानंही जाळी गुंडाळल्यासारखी त्याची बोटं फिरायची. शाळेला ते कळलं आणि शाळेनं त्याला नादार केलं, यात नवल काय? बापू तेव्हा पाच वर्षांचा. त्यानं जाहीर केलं, “मी पण नादार होणार, मला गोट्यांचा नाद आहे.” आई हसली, ताई हसली. अण्णा हसले नाहीत.

दादाला अर्थ वर्गात कळला. फीच्या दिवशी कारकून यायचा आणि वर्गशिक्षक म्हणायचे, “नादार मुलांनी उभं राहावं.” पाच-सहा जण उभे राहत. मग हजेरीपटावरून एकेक नाव वाचलं जायचं. आमचं आडनाव शेवटी ‘दार’ असलेलं, आणि तेही खजिन्याशी नातं सांगणारं. कुठलं ते ओळखा, मी लिहीत नाही. त्या आडनावापुढे ‘नादार’ वाचलं की यमक जुळायचं आणि वर्ग हसायचा. मास्तरांच्या मनात वाईट काही नसावं, यमक कुणाला सुटतं? पण दादा आज ब्याऐंशी वर्षांचा आहे, आणि रांगेत त्याचं नाव मोठ्यानं पुकारलं की तो अजून दचकतो. बँकेत, दवाखान्यात, कुठंही.

तीन वर्षांनी ताई हायस्कुलात आली. शाळेचा शिरस्ता असा की एका घरातल्या एकाला पूर्ण, दुसऱ्याला अर्धी. तेव्हा एकाच परातीतल्या कण्या खाणारा दादा पूर्ण नादार ठरला आणि ताई अर्धी. ताईला याचा केवढा अभिमान! भांडण झालं की ती म्हणायची, “मी काही तुझ्यासारखी पूर्ण नाही.” दादानं तिचं नावच ‘अर्धी’ पाडलं. “ए अर्धे, पाणी दे.” राहिलेली अर्धी फी आईनं लोकांच्या शेवया करून भरली. त्या पाटावरच्या शेवया आमच्या घरात वाळायच्या आणि दुसऱ्यांच्या घरात शिजायच्या.

आजीला मात्र या शब्दाचं कौतुक वाटेना. ती म्हणाली, “शाळेनं केलेला कसला नादार? मी खरी नादार. कोर्टानं केलेली.”

ती गोष्ट आम्ही इतक्यांदा ऐकली की चौघांच्या चार आवृत्त्या झाल्यात. सगळ्यांत सारखं आहे ते असं. आजोबा तरुणपणी गेले. दिरानं घर ताब्यात घेतलं. 1937 साली हिंदू विधवेला एकत्र कुटुंबातल्या नवऱ्याच्या वाट्यावर हक्क देणारा कायदा झाला, त्यानंतर आजीच्या भावानं तिला दावा लावायला सांगितलं. पण कोर्ट-फी कुठून आणायची? 1908 च्या दिवाणी संहितेत त्यावर वाट होती. फी भरायची ऐपत नसेल तर नादारीत दावा लावता येई. जिथं फी ठरलेली नसे तिथं कसोटी अशी, की अंगावरचे जरुरीचे कपडे आणि दाव्यातली वस्तू सोडून शंभर रुपयांचीसुद्धा मालमत्ता असता कामा नये. आजीच्या वकिलानं तिला हा शंभराचा आकडाच पढवून ठेवला होता. तलाठी चौकशीला आला, भांडी मोजून गेला. दिरानं हरकत घेतली, की बाईंकडे मोत्यांची नथ आहे, सबब त्या नादार नाहीत.

आता नथ कशात धरायची? पोशाखात की मालमत्तेत? आजीचा वकील म्हणाला म्हणे, नथ हा बायकांचा पोशाखच आहे. यावर पलीकडच्या वकिलानं विचारलं, विधवा नथ घालते का? आजी इथं नेहमी थांबायची. मग हाताच्या तळव्याकडे बघत सांगायची, “बरोबर होतं त्याचं.” नथ मालमत्तेत गेली. सोनारानं किंमत केली, तिच्यात हंडा-कळशी-तपेली मिळवली, आणि बेरीज निघाली अठ्ठ्याण्णव रुपये. “दोन रुपयांनी वाचले,” आजी म्हणायची. दोन रुपयांनी ती नादार ठरली, दावा चालला, आणि ज्या दोन खणांत आम्ही वाढलो ते तिला मिळाले. नादारीतली फी माफ नसते, नुसती तुंबलेली असते. दावा जिंकल्यावर सरकार ती वसूल करतं, आणि इथं ती दिरावर बसली. हा भाग सांगताना आजी दोनदा सांगायची.

शब्दाची फोड ताईनं लावली, साताऱ्याला कॉलेजात गेल्यावर. तिथं तिच्या हाती माधव जूलियनांचा फार्शी-मराठी कोश आला. 1925 चा, दांडगा. तिनं पोस्टकार्डावर बारीक अक्षरात लिहून पाठवलं, की नाद-बीद काही नाही. ‘ना’ म्हणजे नाही आणि ‘दार’ म्हणजे असलेला, बाळगणारा. जमीनदार, इनामदार, हवालदार, दुकानदार, सगळ्यांचा ‘दार’ हाच. प्रत्येकाच्या ‘दार’आधी काहीतरी वस्तू आहे. नादाराच्या आधी ‘ना’. नापसंत, नालायक, नाकबूल यांतला ‘ना’ तोच, आणि शेवटी तिनं लिहिलं होतं, ‘बापूचा नापास पण त्यातलाच, फक्त पास इंग्रजी.’ बापू त्या वर्षी बीजगणितात गेला होता.

पुढे भाषेच्याच शिक्षिका झाल्यावर तिनं मला आणखी सांगितलं. फार्सीतला हा ‘दार’ आणि आपल्या संस्कृतातला ‘धृ’ एकाच घरचे. धारण, धारक यांतला धृ. म्हणजे आम्ही नादार होतो त्याच वेळी रेशनच्या दुकानात ‘शिधापत्रिकाधारक’ही होतो. एका कागदावर धरणारे, दुसऱ्यावर न धरणारे. ‘गरीब’ हा मूळचा अरबी, आणि तिथं त्याचा अर्थ परका, घरापासून दूर पडलेला. ‘दरिद्र’ संस्कृत, त्याचा धातू ‘द्रा’, म्हणजे धावणं, सारखा इकडून तिकडे धावत असलेला तो दरिद्र. दोन्ही शब्दांत मुळात पैसा नाहीच, घर सुटलेलं आहे. आमच्या आजीनं नादार होऊन घर मिळवलं, तेव्हा ती या दोन्हीत बसत नव्हती.

बापू आणि मी हायस्कुलात गेलो तोवर शब्द बदलला होता. ईबीसी. यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री असताना आर्थिक मागासांना फीमाफी सुरू झाली होती, आणि वर्षाला बाराशेच्या आत उत्पन्न असलेल्यांना ती मिळायची. आमच्या जिल्ह्यात तिचं श्रेय अजून पाटणच्या बाळासाहेब देसाईंना देतात. यात शाळेची मर्जी नव्हती, पूर्ण-अर्धी नव्हती. मामलेदार कचेरीचा दाखला आणला की झालं. वर्गात अर्ध्याहून जास्त पोरं ईबीसी. उभं करायचं तर उरलेल्यांना करणं सोपं गेलं असतं. मला त्या तीन अक्षरांची कधी लाज वाटली नाही, दादाला हे पटत नाही. त्याचं म्हणणं, इंग्रजीत असल्यामुळे तुम्हाला लागलं नाही. असेलही.

पण त्या बाराशेच्या आकड्यानं आमच्या घरात जे घडवलं, ते अण्णांनी कुणाला सांगितलं नव्हतं. आईनं सांगितलं, ते गेल्यावर. 1962 च्या पाडव्याला मालकांनी अण्णांना दहा रुपये वाढ देऊ केली. पगार पंच्याण्णव होता तो एकशेपाच होणार. अण्णांनी रात्री हिशेब केला. पंच्याण्णव म्हणजे वर्षाचे अकराशे चाळीस, एकशेपाच म्हणजे बाराशे साठ. दाखला जाणार. ताई दहावीत, बापू आठवीत, मी पाचवीत. तिघांची फी मिळून महिना सोळा-सतरा रुपये. दहा मिळवायचे तर सोळा घालवायचे. दुसऱ्या दिवशी त्यांनी मालकांना सांगितलं, वाढ नको. मालक शहाणे होते. ते म्हणाले, मग ताग्याचे उरलेले तुकडे नेत जा.

आमच्या चड्ड्यांवरच्या ठिगळांचं कोडं मला तेव्हा उलगडलं. मूळ चड्डी मांजरपाटाची आणि बसायच्या जागी ठिगळ उंची पॉपलीनचं, कधी तर चक्क गॅबर्डिनचं. ठिगळ चड्डीपेक्षा भारी असलेली पोरं शाळेत आम्हीच. मित्र ठिगळाला हात लावून बघत. ती आमच्या वडिलांची पगारवाढ होती, आणि आम्ही तिच्यावर बसून शिकलो.

या हिशेबाला एक पुरवणी आहे. 1971 साली पुण्याच्या गोखले संस्थेतल्या वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांचा भारतातल्या दारिद्र्यावरचा अभ्यास गाजला. दिवसाला 2250 उष्मांक मिळतील एवढं खायचं, तर माणशी खर्च किती, असा त्यांचा प्रश्न. 1960-61 च्या किमतींनी उत्तर आलं, खेड्यात वर्षाला 180 रुपये, शहरात 270. मी तेव्हा एकोणीस वर्षांचा, अर्थशास्त्र घेतलेलं. सहज वहीच्या मागं मांडलं. आमचं गाव खेडं धरलं तर सात माणसांचे सात गुणिले 180, बरोबर 1260. अण्णांनी नाकारलेली वाढ घेतली असती तर ते दमडीचाही फरक न पडता त्या रेषेवर जाऊन उभे राहिले असते. मला तेव्हा पाडव्याची गोष्ट माहीत नव्हती. बाराशे साठ हा आकडा वहीत तसाच पडून होता. आईनं पगारवाढीचं सांगितलं त्या संध्याकाळी मी ती वही शोधली. सापडली नाही, पण आकडा पाठ होता.

पुढच्याच वर्षी दुष्काळ आला. 1972. मला खडीच्या कामावर तात्पुरती कारकुनी मिळाली, मस्टर लिहायची. खडीचा ढीग मोजून मजुरी. सकाळी नावं पुकारायची, अंगठे घ्यायचे. माण-खटावकडून आलेली माणसं, कुणाच्या सातबाऱ्यावर पंधरा एकर, कुणाच्या वीस. घरंदाज बायका पदर नाकापर्यंत ओढून हातोडी मारायच्या, आणि नाव सांगायची वेळ आली की शेजारणीकडून सांगवायच्या. देशमुखीण असायची, इनामदारीण असायची. ‘दार’ कुणाकुणाच्या नावात, जमीन सगळ्यांच्या नावावर, विहिरीत मात्र दगड दिसायचे. दुपारी सुकडी वाटायची. घरी रेशनवर मिलो, ती अमेरिकेची लाल ज्वारी; तिची भाकरी थापताना आई म्हणायची, “हिला आपली माणसं ओळखू येत नाहीत.” मला ताईचा तो अरबी अर्थ पहिल्यांदा त्या खडीवर कळला. गावापासून तीस मैलांवर, पालात राहणारी ती माणसं आमच्यापेक्षा जास्त जमीन बाळगून होती आणि घरापासून सुटलेली होती. मी नावं हळू पुकारायचो. मुकादम रागवायचा, ऐकू जात नाही म्हणून.

नंतरचं सांगण्यासारखं थोडं. दादा रयतच्या शिवाजी कॉलेजात ‘कमवा आणि शिका’त राबून पदवीधर झाला आणि जिल्हा परिषदेत लागला. बापू एसटीत. मी बँकेत, तीस वर्षं लोकांची ऐपत तपासत. दोन खण विकले. नथ ताईच्या लग्नात तिच्या नाकात गेली, आता तिच्या सुनेकडे आहे. सोनारानं परवा किंमत केली ती इथं लिहीत नाही. त्या आकड्यावर आजीचा दावा पहिल्याच तारखेला फेटाळला असता. न्यायालयात ‘नादार’ची इंग्रजी पाटी 1976 च्या दुरुस्तीत बदलली आणि शंभराचे हजार झाले. शाळेतून तर शब्द केव्हाच गेला. माझ्या मुलीला तो ठाऊक नव्हता.

ठाऊक झाला तो भलत्याच रस्त्यानं. ती सनदी लेखापाल आहे, मुंबईत. 2016 च्या कायद्यानंतर तिचं काम बुडीत कंपन्यांच्या प्रकरणांत असतं. या कायद्याला मराठी वर्तमानपत्रं म्हणतात, नादारी व दिवाळखोरी संहिता. पहिल्यांदा मथळ्यात ‘नादारी’ वाचलं तेव्हा मी चष्मा पुसला. कुण्या पोलाद कंपनीची नादारी, कुण्या बिल्डरची नादारी. मुलीला विचारलं, “यात बसायला अट काय असते?” ती म्हणाली, “किमान एक कोटी थकवलेले पाहिजेत. आधी एक लाखावर चालायचं, 2020 मध्ये वाढवली.” मी म्हटलं, “आमच्या वेळी शंभराच्या आत लागायचे.” तिला वाटलं, मी कोटीत बोलतोय.

आम्ही चौघं दर रविवारी सकाळी फोनवर एकत्र येतो. बापूची नात जोडून देते. मागच्या रविवारी मी त्यांना बातमी वाचून दाखवली, अमुक कंपनी नादार, थकबाकी इतके हजार कोटी. दादाला आता कमी ऐकू येतं, त्याला दोनदा सांगावं लागलं. “कोण नादार?” त्यानं विचारलं. मी कंपनीचं नाव पुन्हा सांगितलं. तो जरा वेळ गप्प होता. बापूची नात म्हणाली, “आजोबा, लाइन गेली का?”

लाइन होती. दादानं घसा साफ केला आणि शाळेच्या कारकुनाच्या आवाजात विचारलं, “पूर्ण की अर्धी?”

“अर्धी इथं आहे,” ताई म्हणाली.